गाव सुटलं की आडनाव लागतं

पनवेलच्या खांदा कॉलनीत ‘सीकेटी कुठे?’ असं कुणालाही विचारा, रस्ता लगेच सांगतील. पूर्ण नाव चांगू काना ठाकूर महाविद्यालय, आणि ते चालवते जनार्दन भगत शिक्षण प्रसारक संस्था. ‘चांगू’मधलं ‘चांग’ म्हणजे चांगलं. चांगदेवाच्या नावात आणि ‘चांगभलं’च्या गजरातही तेच. ‘काना’ हे कान्हा-कान्होजीचं घरगुती रूप. ‘ठाकूर’ ही जुन्या काळातली मानाची पदवी. रायगडातल्या आगऱ्यांमध्ये ती आडनाव झाली, डोंगरातली एक आदिवासी जमात याच नावाने ओळखली जाते, आणि रवींद्रनाथांचं घराणंही ठाकूरच. नुसत्या आडनावावरून जात ओळखू पाहणाऱ्याची इथेच पंचाईत होते. ‘भगत’ म्हणजे गावातला देवाचा माणूस, अंगारा देणारा, ज्याच्या अंगात वारं येतं तो.

कॉलनी सिडकोची, खांदा मात्र मूळचं गाव. १९७० साली सिडको हे शहर वसवणारं सरकारी महामंडळ स्थापन झालं आणि नवी मुंबईसाठी ९५ गावांच्या जमिनी घेतल्या गेल्या. त्या गावांमधली जुनी आडनावं ऐकली की एक गोष्ट लक्षात येते. पाटील, म्हात्रे, भगत, तांडेल, कोळी ही बहुतेक कामाची किंवा पदाची नावं आहेत. पाटलाचा माग ‘पट्टकील’ या जुन्या अधिकारपदापर्यंत जातो. म्हात्रे हे ‘महत्तर’, म्हणजे गावातला वडीलधारा प्रमुख, यावरून आलं असं मानतात. तांडेल म्हणजे होडीवरचा म्होरक्या.

अख्खं गावच पाटलांचं असेल, तर ‘पाटील’ अशी हाक मारून कोण ओ देणार? म्हणून या पट्ट्यात माणूस ओळखला जातो तो स्वतःच्या आणि बापाच्या नावाने, नाहीतर आद्याक्षरांनी. जासईचे शेतकरी नेते दिनकर बाळू पाटील सगळ्यांचे ‘दिबा’ झाले ते असे. २४ जून २०२१ रोजी नवी मुंबईच्या विमानतळाला त्यांचं नाव द्यावं म्हणून हजारो लोकांनी सिडको भवनाला घेराव घातला, तेव्हाही घोषणांमध्ये दिबाच होते.

कॉलनीत बाहेरून राहायला आलेल्यांमध्ये मात्र ‘कर’वाले पुष्कळ. या आडनावांची गंमत अशी की ती गावात असताना मिळत नाहीत. पेणमध्ये सगळेच पेणचे, तिथे एकाला पेणकर म्हणून काय साधणार? तो माणूस पेण सोडून दुसरीकडे स्थिरावला की शेजारी त्याला त्या नावाने ओळखू लागतात. ‘कर’वालं आडनाव बहुधा असं परक्या मुलखात, दुसऱ्याच्या तोंडून मिळालेलं असतं.

निरेकाठच्या होळ गावचे होळकर माळव्यात राज्य करू लागले, तरी होळ त्यांच्या नावातून गेलं नाही. कुलाब्याच्या किनाऱ्यावर दरारा बसवणाऱ्या कान्होजी आंग्र्यांचं मूळ आडनाव संकपाळ. आंगरवाडी या गावावरून ते आंग्रे झाले. हर्डीकरांच्या घरातल्या दीनानाथांनी गोव्यातल्या मंगेशीवरून मंगेशकर हे आडनाव घेतलं, म्हणजे एक ‘कर’ सोडून दुसरा जवळ केला. रामजी सकपाळ यांचं गाव मंडणगड तालुक्यातलं आंबडवे. ७ नोव्हेंबर १९०० रोजी साताऱ्याच्या शाळेत त्यांच्या मुलाचं, म्हणजे बाबासाहेबांचं, नाव दाखल झालं ते ‘भिवा रामजी आंबेडकर’ असं. तो दिवस राज्यात २०१७पासून विद्यार्थी दिवस म्हणून पाळला जातो.

पनवेलच्या जुन्या गावात बेथ एल हे १८४९ सालचं सिनेगॉग उभं आहे. बेने इस्रायली हा ज्यू समाज कुलाबा, म्हणजे आजच्या रायगड, जिल्ह्यातल्या खेड्यांमध्ये तेलाचे घाणे चालवायचा आणि शनिवारी घाणा बंद ठेवायचा, म्हणून लोक त्यांना ‘शनिवार तेली’ म्हणत. त्यांची आडनावं पाहा: पेणकर, किहीमकर, नवगावकर, झिराडकर, अष्टमकर. मुंबईतलं पहिलं सिनेगॉग १७९६ साली बांधणारे सॅम्युएल इझिकेल दिवेकर मराठीत झाले सामाजी हसाजी दिवेकर. पुढे या समाजातले अनेक जण इस्रायलला गेले, तेव्हा रायगडातल्या खेड्यांची नावंही तिकडे गेली. कोकणी मुसलमानांमध्येही मुकादम, दळवी, सुर्वे अशी आडनावं सर्रास भेटतात.

दरबारी नोकरीने आडनावांचा आणखी एक ढीग दिला. फारसीत ‘नवीस’ म्हणजे लिहिणारा. मराठीत त्याचं ‘नीस’ झालं. चिटणीस पत्रं लिही, पारसनीस फारसी पत्रव्यवहार सांभाळी, वाकनीस घडामोडींची नोंद ठेवी. नाना फडणवीसांचं खरं आडनाव भानू होतं, आणि ज्यांच्या पदरी ते होते त्या पेशव्यांचं भट. श्रीवर्धनच्या भटांना पदाने पेशवे केलं आणि लोकांनी तेच धरून ठेवलं. साताऱ्याकडच्या कटगुणहून पुण्यात आलेल्या गोऱ्हे कुटुंबाने फुलांचा व्यवसाय धरला. महात्मा जोतीराव त्यातले, म्हणून फुले. माणूस हलला की आडनाव बदलायचं, धंदा बदलला तरी बदलायचं.

हा बदल थांबवला तो कागदाने. शाळेचा दाखला, जमिनीचा उतारा, कोर्टाची तारीख या सगळ्यांना बाप-लेकाचं आडनाव एकच लागतं. १९५०च्या कायद्याने परगणा आणि कुलकर्णी वतनं गेली, १९६२च्या कायद्याने पाटीलकी गेली. पाटील आणि कुलकर्णी मात्र घरोघर राहिले, कुणी बँकेत तर कुणी रिक्षावर.

काही आडनावांचा उगम टोपणनावात असावा, आणि तिथे कल्पनेला ऊत येतो. एकबोटे, सातपुते, अष्टपुत्रे, सहस्रबुद्धे असे आकडे चढत जातात. वाघमारे, लांडगे, कोल्हे, उंदरे यांनी अर्धं जंगल भरतं. तुपे, साखरे, दहीभाते यांनी पंगत होते. अशा नावांमागच्या गोष्टी जपूनच ऐकाव्यात. गायकवाडांच्या पूर्वजाने गायींसाठी कवाड उघडलं ही कथा झकास आहे, पण ती आख्यायिका आहे.

पाळण्यातल्या नावांची तऱ्हा वेगळी. आधीची मुलं दगावली असतील तर पुढच्याला दगडू, धोंडू, भिकू किंवा केरबा म्हणत. असल्या टाकाऊ वस्तूवर मृत्यूची नजर पडणार नाही, हा विश्वास त्यामागे होता. आईबापांची माया अशी आडवळणाने बोलायची. ‘नकुसा’ या नावात मात्र माया नव्हती. मुलीवर मुलगी झाली म्हणून ठेवलेलं हे नाव सातारा जिल्ह्यातल्या २८५ मुलींनी ऑक्टोबर २०११मध्ये जाहीर समारंभात टाकून दिलं आणि स्वतःच्या पसंतीची नावं घेतली.

खांदा कॉलनीत आयुष्य गेलं तरी कुणी आता ‘खांदेकर’ होणार नाही. आधार आणि पॅनकार्डाच्या काळात शेजाऱ्यांच्या तोंडून आडनाव मिळत नाही. ते बदलायचं तर राज्य शासनाच्या राजपत्रात रीतसर जाहिरात द्यावी लागते. आडनाव असं गोठलं असलं, तरी त्याच्या आधीची जागा हलली आहे. १ मे २०२४ला आणि त्यानंतर जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदपत्रांत आता स्वतःचं नाव, आईचं नाव, वडिलांचं नाव आणि मग आडनाव असा क्रम राज्य शासनाने ठरवला आहे. विवाहित स्त्रियांसाठी मात्र लग्नानंतर नवऱ्याचं नाव आणि आडनाव लावण्याची जुनी पद्धत याच निर्णयात तशीच ठेवली आहे. त्यामुळे आईचं नाव घेऊन शाळेत जाणारी आजची मुलगी पंचवीस-तीस वर्षांनी लग्नानंतर कोणतं नाव लावते, हे तेव्हाच्या कागदांवर दिसेल.