कोलारच्या खाणीतला न्यूट्रिनो

शिरोळच्या उसाच्या फडात भर दुपारी उभे राहा. नखाएवढ्या जागेतून दर सेकंदाला सूर्याचे सुमारे ६,५०० कोटी न्यूट्रिनो कण आरपार जातात. रात्रीही तेवढेच, फक्त पृथ्वी भेदून पायांखालून. एवढी गर्दी, पण हाती लागेल तर शपथ!

तरीही ते पकडायला मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेने (टीआयएफआर) डरहॅम आणि ओसाकाच्या शास्त्रज्ञांसह कोलारच्या सोन्याच्या खाणीत, दोन किलोमीटरहून खोल, उपकरणे मांडली. तिथे आडवे धावणारे म्यूऑन कण सापडले. त्या तिरक्या वाटेने वरून एवढा खडक ओलांडणे म्यूऑनला अशक्य; म्हणजे ते वातावरणातून आलेल्या (सूर्याच्या नव्हे) न्यूट्रिनोनेच खडकात जन्माला घातलेले. या शोधाचा निबंध ‘फिजिक्स लेटर्स’मध्ये १५ ऑगस्ट १९६५ला आला. दक्षिण आफ्रिकेतल्या खाणीत हाच शोध घेणाऱ्या शास्त्रज्ञ फ्रेडरिक राइन्स यांच्या गटाचा निबंध त्यानंतर दोन आठवड्यांनी.