गिटार बदलण्याआधी

आपल्या रेडिओवर दोन कार्यक्रमांच्या मध्ये वाजवायला आम्हाला एक छोटीशी धून हवी होती. आमच्या गटातल्या एका ताईंची मुलगी बारावीत आहे, इलेक्ट्रिक गिटार वाजवते. म्हटलं, बाहेरून कशाला, घरचीच धून असू दे. तिनं लॅपटॉपवर रेकॉर्ड करून आणली. ऐकली आणि आम्ही एकमेकींकडे बघत राहिलो. धून गोड होती, पण आवाज असा, की पत्र्याच्या डब्यात माशी अडकलीय! पोरीचा चेहरा उतरला. ताई म्हणाल्या, “गिटारच स्वस्तातली आहे. भिशी लागली की नवी घेऊन देते.” आम्ही म्हटलं, ताई, आठ दिवस थांबा. थांबल्या ते बरं झालं.

इलेक्ट्रिक गिटारच्या तारांचा स्वतःचा आवाज अगदी बारीक असतो. खरा आवाज घडतो तो अ‍ॅम्प्लिफायरमध्ये आणि त्याच्या स्पीकरच्या खोक्यात. आपल्या दोन खोल्यांच्या घरात रात्री तो अ‍ॅम्प लावला तर शेजारी दार ठोठावतील. म्हणून मुलं लॅपटॉपमध्ये त्याची नक्कल करणारं सॉफ्टवेअर वापरतात आणि हेडफोन लावून वाजवतात. त्याला अ‍ॅम्प सिम्युलेटर म्हणतात. आमची ही मुलगी ‘न्यूरल अ‍ॅम्प मॉडेलर’ वापरते. ते फुकट मिळतं आणि चांगलंही आहे. म्हणजे दोष सॉफ्टवेअरचा नव्हता. मग कुठे होता?

पहिला दोष सापडला अगदी सुरुवातीलाच. गिटार लॅपटॉपला जोडायला ऑडिओ इंटरफेस नावाची छोटी पेटी लागते. तिच्यावर ‘इन्स्ट्रुमेंट’ असं बटण असतं, काही पेट्यांवर ‘हाय-झेड’ लिहिलेलं असतं. ते दाबलेलंच नव्हतं! गिटारचा सिग्नल नाजूक असतो. चुकीच्या जागी जोडला की त्यातली चमक मरते आणि आवाज दबतो. तो वाढवायला मुलीनं पेटीवरचा गेन इतका फिरवला होता, की जोरात वाजवलं की लाल दिवा लागायचा. लाल दिवा म्हणजे आवाज तिथेच फाटला. पुढे कितीही बटणं फिरवा, तो सांधता येत नाही. तेव्हा बटण दाबायचं, सगळ्यात जोरात वाजवून बघायचं आणि तरीही मीटर उणे ६ डेसिबलच्या खाली राहील इतकाच गेन ठेवायचा.

दुसरा दोष मोठा होता. माशीचा आवाज तिथूनच येत होता. गिटार अ‍ॅम्पचा १२ इंची स्पीकर साधारण ५,००० हर्ट्झच्या वरचे आवाज फारसे बाहेर पडू देत नाही. चहाची गाळणी चोथा अडवते, तसाच हा स्पीकर करकर अडवतो. मुलीनं जी फाईल उतरवून घेतली होती, त्यात नुसत्या अ‍ॅम्पची नक्कल होती, स्पीकरची नव्हती. म्हणजे चहा न गाळताच कपात! स्पीकरसाठी वेगळी फाईल लागते, तिला इम्पल्स रिस्पॉन्स किंवा थोडक्यात आय-आर म्हणतात. ती लावली आणि खोलीतल्या सगळ्यांच्या तोंडून एकदमच “अगं बाई!” निघालं. मात्र काही फाईलींत स्पीकर आधीच असतो. तिथे दुसरा लावला तर आवाज गोधडीखालून आल्यासारखा होतो. गाळणी एकच हवी.

या आय-आर फाईली माइक स्पीकरसमोर ठेवून केलेल्या असतात. माइक मधोमध असला तर आवाज धारदार येतो, कडेला असला तर मऊ. म्हणून आवाज टोचत असेल तर आधी आय-आर बदलून बघा, बाकीची बटणं नंतर.

आता मिठाचं सांगतो. अ‍ॅम्पमधला गेन म्हणजे मीठ. एकटीनं वाजवताना जास्त गेन भारी वाटतो, पण बाकीची वाद्यं आली की सगळा लगदा होतो. भरदार आवाज हवा असेल तर गेन कमी ठेवून तोच तुकडा दोनदा वाजवा, एक डावीकडे आणि एक उजवीकडे लावा. एकाच रेकॉर्डिंगची प्रत काढून चालत नाही, खरंच दोनदा वाजवावं लागतं. मग ८० हर्ट्झच्या खालची घरघर कापा. गिटारची सगळ्यात जाड तारच ८२ हर्ट्झची असते, त्यामुळे त्याखाली जपण्यासारखं फारसं काही नसतं.

तार छेडल्यावर आवाज उशिरा येतो, ही तिची आणखी एक तक्रार होती. त्यासाठी सॉफ्टवेअरमधला बफर १२८ वर आणला. ४८,००० च्या सेटिंगला जाता-येता मिळून साधारण ५ मिलिसेकंद होतात, वर थोडा वेळ पेटीचा. अ‍ॅम्पपासून दोन-तीन मीटरवर उभं राहिलं तरी आवाज यायला एवढाच वेळ लागतो, त्यामुळे हाताला जाणवत नाही. गुणगुण येत असेल तर लॅपटॉपचा चार्जर काढून बघा आणि गिटार स्क्रीनपासून लांब धरा.

आणि एक लक्षात ठेवा. दोन आवाजांची तुलना करताना दोन्ही सारख्याच मोठ्यानं ऐका. जो मोठा असतो तो कानाला चांगलाच वाटतो, आणि याच फसवणुकीत माणूस नवीन-नवीन वस्तू विकत घेत राहतो. हेडफोनचा आवाज बेताचा ठेवा. गिटार पुन्हा घेता येईल, कान नाही.

या कार्यक्रमाआधी तुम्ही जी धून ऐकलीत, ती त्याच मुलीची, त्याच स्वस्तातल्या गिटारवरची. एक रुपयाही खर्च झाला नाही. ताईंची भिशी लागली, ती आता मुलीच्या पुढच्या प्रवेशाला ठेवलीय. तुमच्या घरातलं पोर “माझा आवाजच चांगला येत नाही” म्हणून वाद्य कोपऱ्यात ठेवत असेल, तर रागावू नका आणि लगेच दुकानातही जाऊ नका. त्याच्याजवळ बसा आणि विचारा, “ते बटण दाबलंयस का? स्पीकर लावलायस का?”

भेटूया पुढच्या भागात. नमस्कार.