रिडीम कोड म्हणजे काय आणि तो कुठे वटवावा?



दिवाळीच्या सुट्टीनंतर आठवीतला एक विद्यार्थी वडिलांसोबत माझ्या कार्यालयात आला. मुलगा रडवेला, वडील संतापलेले. दोन वर्षे खेळून जमवलेले त्याचे फ्री फायर मॅक्सचे खाते एका रात्रीत दुसऱ्याच कोणाच्या हाती गेले होते. ते खाते आईच्या गुगल खात्याशी जोडलेले होते. म्हणजे आईची ईमेल गेली, घरचे फोटोही गेले. कारण काय, तर फुकट डायमंड देणारा कोड! वडील म्हणाले, "सर, तुम्हीच सांगा ह्याला काहीतरी." मी काय सांगणार? कोड ही काय चीज आहे हेच मला ठाऊक नव्हते. शेवटी नववीच्या दोन मुलांना संगणक कक्षात बसवून मी त्यांच्याकडून शिकलो.

'रिडीम' ह्या शब्दाला हिंदीत 'भुनाना' म्हणतात. माझे शिक्षण हिंदी माध्यमातले, म्हणून मला आधी तोच शब्द आठवला. मराठीत आपण हुंडी वटवतो, तसा हा कोड वटवायचा. खेळ काढणारी कंपनी सणाला, स्पर्धेच्या वेळी किंवा थेट प्रक्षेपणात अक्षरे-अंकांची एक ओळ जाहीर करते. ती भरली की खेळातला पोशाख, बंदुकीचा रंग असे काही मिळते. कंपनीला त्यात फारसा खर्च नसतो आणि खेळणारा पुन्हा खेळाकडे वळतो. कोणता कोड, किती जणांसाठी, कोणत्या तारखेपर्यंत, ह्याची नोंद कंपनीच्या संगणकात असते. जून 2025 मध्ये बीजीएमआय ह्या खेळाचे जे कोड निघाले, त्यांत एक कोड फक्त पहिल्या 10 जणांनाच चालत असे. वर्गात फिरणाऱ्या वहीतला कोड लागत नाही तो ह्यामुळे. फ्री फायरचे कोड प्रदेशाप्रमाणेही वेगळे असतात. दुसऱ्या देशाचा कोड इथे चालत नाही.

कोड बनवून देणारे 'जनरेटर' असतात, असे मुले सांगतात. सातवीचे घातांक आठवा. 26 अक्षरे आणि 10 अंक, जागा 12, म्हणजे 36 चा 12 वा घात. उत्तर 19 अंकी येते! त्यातून खरा कोड अंदाजाने काढणे कोणाच्याही आवाक्यातले नाही. जनरेटर म्हणवणाऱ्याला तुमच्याकडून दुसरेच काही हवे असते.

आता मुख्य मुद्दा. कोड वटवायला काय द्यावे लागते? बीजीएमआयच्या अधिकृत पानावर फक्त तीन गोष्टी लागतात: खेळाडूचा कॅरेक्टर आयडी, कोड, आणि चित्रातली अक्षरे. पासवर्ड नाही, ओटीपी नाही. फ्री फायरच्या पानावर मात्र गुगल किंवा फेसबुकने लॉगिन करावे लागते, आणि फसवणूक नेमकी इथेच होते. ठग हुबेहूब तसेच पान बनवतो, त्यावर गुगलसारखी दिसणारी खिडकी ठेवतो आणि आपण पासवर्ड त्याच्या हाती देतो. आपल्या विद्यार्थ्याचे हेच झाले.

ओळखायचे कसे? रंग-चित्रे पाहू नका, पत्ता वाचा. खरा पत्ता रिवॉर्ड डॉट एफएफ डॉट गरेना डॉट कॉम. सुरुवातीच्या दोन तिरप्या रेघा सोडून पुढची पहिली तिरपी रेघ शोधा आणि तिथून डावीकडे वाचा. लगेच 'गरेना डॉट कॉम' आले पाहिजे. 'गरेना' शब्द आधी कुठेतरी आणि शेवटी भलतेच नाव असेल, तर ते पान परक्याचे. लॉगिनच्या वेळी गुगलचा पत्ताही असाच तपासा. पाहुणा म्हणून, म्हणजे गेस्ट खात्याने खेळणाऱ्याला कोड वटवता येत नाही. शून्य आणि 'ओ' ह्यांत गफलत फार होते. बक्षीस खेळातल्या टपालपेटीत येते, फ्री फायरमध्ये कधी 24 तासही लागतात. तेवढ्यात घाबरून दुसरे पान शोधू नये.

रोब्लॉक्समध्ये कित्येक खेळांचे कोड त्या-त्या खेळाच्या आतच भरायचे असतात. तिथे बाहेरच्या पानाचे कामच नाही.

पालकांना एक विनंती. आपल्या फोनवर मूल खेळत असेल तर त्याला वेगळे गुगल खाते काढून द्या आणि आपल्या खात्याला दुहेरी पडताळणी लावा. पैसे गेले तर 1930 वर ताबडतोब फोन करा. मुलाला रागवायचे ते नंतर. त्या आठवीतल्या मुलाने भीतीपोटी तीन दिवस घरी सांगितलेच नव्हते. आईचे खाते तिच्या नेहमीच्या फोनवरूनच प्रयत्न केल्यावर परत मिळाले. खेळाचे अजून मिळालेले नाही.

शनिवारी मधल्या सुट्टीनंतर मी संगणक कक्षात असतो. कोणाजवळ कोड असेल तर घेऊन यावे, पण कुठे भरण्याआधी.