‘सुवर्णरेखा’तील योगायोग

फाळणीने उन्मळून टाकलेल्या बंगालचे जीवन ज्यांनी चित्रपटातून निष्ठेने मांडले, त्यांत ऋत्विक घटक (१९२५–१९७६) यांचे स्थान अग्रभागी आहे. ‘मेघे ढाका तारा’ (१९६०) व ‘कोमल गांधार’ (१९६१) यांच्या पाठोपाठ त्यांनी १९६२ मध्ये ‘सुवर्णरेखा’ पुरा केला. तो १९६५ मध्ये प्रदर्शित झाला. त्यातील योगायोगांवर आक्षेप घेतला गेला आहे. मद्याच्या धुंदीत कलकत्त्यातील वेश्येच्या दारी आलेल्या ईश्वरला तेथे आपलीच बहीण सीता भेटावी, आणि त्याला पाहताच तिने आत्मघात करावा, हे संभाव्यतेच्या मर्यादेत बसते काय?

या प्रश्नाचे उत्तर शोधावयाचे तर चित्रपटाच्या आरंभाकडे वळले पाहिजे. निर्वासितांच्या वसाहतीतून एका बागदी स्त्रीला जमीनदाराची माणसे बळाने उचलून नेतात. मागे राहिलेल्या तिच्या मुलाला, अभिरामला, ईश्वर सीतेबरोबर आपल्या घरी वाढवितो. पुढे बहिणीच्या सुखासाठी वसाहत सोडून तो सुवर्णरेखेकाठी नोकरी पत्करतो, तेव्हा सहकारी हरप्रसाद त्याला पळपुटा ठरवितो. वर्षांनंतर रेल्वे स्थानकावर एक मरणोन्मुख स्त्री दिसते आणि अभिराम तिला आई म्हणून ओळखतो. त्याच ओळखीने त्याची जात उघड होते. आणि ज्याने त्याला आश्रय दिला, तोच ईश्वर आता आपली प्रतिष्ठा व नोकरीतील बढती सांभाळण्यासाठी त्याला दूर सारू पाहतो.

येथे घटकांच्या दृष्टीतील कठोरपणा प्रत्ययास येतो. घर हरवलेल्या माणसाच्या ठिकाणी दुसऱ्याविषयी कणव आपोआप उपजते, असे ते मानीत नाहीत. स्वतःचे विस्थापन विसरणारा ईश्वर दुसऱ्याच्या विस्थापनास कारण होतो. सीता अभिरामबरोबर निघून जाते; बसचालक झालेला अभिराम एका अपघातानंतर जमावाच्या हातून मारला जातो, आणि निराधार सीता त्या दारापर्यंत येऊन पोहोचते. म्हणजे ईश्वरची तिच्याशी पडलेली गाठ आंधळ्या दैवाची लीला नव्हे. त्याने नाकारलेली स्मृतीच तेथे त्याच्यासमोर उभी आहे. त्या खोलीत दुसरी कोणतीही स्त्री असती, तरी तीही कोणाची तरी बहीणच असती. कथानकातील हा योगायोग असा नैतिक अपरिहार्यतेच्या पातळीवर जातो.

चित्रपटातील महायुद्धकालीन ओसाड धावपट्टीही हेच सुचविते. त्या भग्न जागी मुले निर्भयपणे खेळतात, कारण तिचा इतिहास त्यांना ठाऊक नाही. अखेरीस सीतेचा पोरका मुलगा बिनू मामाचा हात धरून नव्या घराविषयी विचारतो. हेच आश्वासन कधीकाळी ईश्वरने सीतेला दिले होते. चित्रपट ते खोटे ठरवीत नाही, किंवा खरेही करून दाखवीत नाही. मागील घर कोणामुळे गमावले, याची आठवण ठेवल्यावाचून पुढील घर उभे राहणार नाही, एवढेच तो सांगतो.