सदऱ्याखालचं मिथ्रिल

दोस्तांनो, प्रतापगडाची गोष्ट तुम्हांला चौथीपासून पाठ आहे. १६५९ साली अफझलखानाला भेटायला जाताना शिवाजी महाराजांनी अंगरख्याखाली चिलखत चढवलं होतं. लोखंडी कड्यांचं चिलखत म्हणजे चांगलंच वजनदार प्रकरण, बरं का! ते घालून घटकाभर उभं राहायचं म्हटलं तरी आपले खांदे भरून येतील.

आता असं एक चिलखत डोळ्यांसमोर आणा, की जे अंगात घातल्यावर त्याचं वजन जवळजवळ जाणवतच नाही, पण भाल्याचं टोक काही त्याच्या आत शिरत नाही. असा धातू आपल्या पृथ्वीवर कुठेही नाही. तो आहे जे. आर. आर. टॉल्किन या इंग्रज लेखकाच्या ‘मिडल-अर्थ’ नावाच्या कल्पित जगात. त्याचं नाव मिथ्रिल.

तांब्यासारखं ठोकून हवं तसं वळवा, काचेसारखं चकचकीत घासा, हे मिथ्रिल चांदीसारखं दिसतं. पण आपल्या घरातली चांदीची वाटी कशी काळी पडते? मिथ्रिल कधीच काळं पडत नाही. आणि ते घडवायची विद्या ठाऊक असेल, तर पोलादापेक्षा टणक होतं. याच मिथ्रिलपासून ‘इथिल्डिन’ नावाचा पदार्थ करून मोरियाच्या पश्चिम दरवाजावर नक्षी काढली होती. दिवसा बघाल तर नुसता कातळ! चांदण्यात मात्र अक्षरं उजळून दिसणार.

हे मोरिया म्हणजे डोंगराच्या पोटातलं प्रचंड नगर. ते ड्वार्फ लोकांचं. बुटके, दाढीवाले, दगड आणि धातू यांत जन्म घालवणारे लोक. जादूगार गँडाल्फ सांगतो, की मिथ्रिल साऱ्या जगात फक्त इथेच मिळे. ड्वार्फांची श्रीमंती सोन्यावर नव्हती, हिऱ्यामाणकांवरही नव्हती. ती या एका धातूवर उभी होती. सोन्याच्या दहापट त्याची किंमत.

पण मिथ्रिलची शीर खोल खोल जात होती. ड्वार्फही तिच्या मागोमाग खोल खोल खणत गेले. इतके, की तळाशी युगानुयुगं दडून बसलेला बालरॉग जागा झाला. आग आणि अंधार यांचा बनलेला तो राक्षस! त्या जगाच्या तिसऱ्या युगात, १९८० साली, त्याने राजा सहाव्या ड्युरिनला मारलं. वर्षभरात नगर ओस पडलं. खाण बंद झाली आणि मिथ्रिल अमोल झालं. अमोल म्हणजे खरोखरच, ज्याचं मोल करता येत नाही असं.

यानंतर हजारावर वर्षांनी नऊ प्रवासी त्या अंधाऱ्या नगरातून वाट काढत असतात. त्यांत एक फ्रोडो. हा हॉबिट, म्हणजे माणसाच्या निम्म्या उंचीचा, अनवाणी चालणारा, खाण्यापिण्याची आवड असलेला प्राणी. वाटेत गँडाल्फ मिथ्रिलची माहिती सांगतो आणि सहज बोलून जातो, की फ्रोडोच्या बिल्बोकाकाला थोरिन नावाच्या ड्वार्फाने मिथ्रिलचं चिलखत भेट दिलं होतं आणि त्याची किंमत अख्ख्या शायर प्रांतापेक्षा जास्त आहे. शायर म्हणजे हॉबिटांचा मुलूख, त्यातली घरंदारं, शेतंभातं सगळी धरून!

फ्रोडो काहीच बोलत नाही. तो हळूच सदऱ्याखाली हात घालून बघतो. ते चिलखत त्याच्याच अंगात असतं! बिल्बोने निघताना गुपचूप दिलेलं. आपण गावभर किमतीचा ऐवज अंगावर घेऊन हिंडतोय, या विचाराने बिचाऱ्याचे पाय लटपटतात. मला विचाराल तर पुस्तकातल्या लढायांपेक्षा हा प्रसंग मोठा आहे. बिल्बोने तर हे चिलखत मध्यंतरी एका संग्रहालयात ठेवायला दिलं होतं, टाकवत नाहीत आणि वापरायच्याही नाहीत अशा वस्तूंमध्ये!

थोड्याच वेळात ऑर्क नावाच्या दुष्ट सैनिकांचा एक नायक फ्रोडोच्या बरगडीत भाला खुपसतो. सगळ्यांना वाटतं, संपला. पण त्याला फक्त काळानिळा मुका मार बसलेला असतो. आणि ही खोली कुठली? मोरिया पुन्हा वसवायला आलेल्या बालिन ड्वार्फाची कबर असलेली. त्यालाही इथे मिथ्रिल सापडलं होतं. पाच वर्षांत सारं संपलं.

गंमत सांगू? १९३७ साली ‘हॉबिट’ हे पुस्तक पहिल्यांदा छापलं, तेव्हा त्यात मिथ्रिल हा शब्दच नव्हता. बिल्बोचं चिलखत नुसतं रुपेरी पोलादाचं होतं. पुढे १९५४-५५ मध्ये ‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ आलं, त्यात मिथ्रिल आलं, आणि मग १९६६ च्या आवृत्तीत टॉल्किनने जुन्या पुस्तकातही ते नाव घातलं. निबंधात मागे जाऊन दुरुस्ती केली म्हणून तुम्ही बोलणी खाता ना? एवढा प्राध्यापक माणूसही तेच करत होता.

पुढे फ्रोडो शत्रूच्या हाती सापडतो आणि चिलखत काढून घेतलं जातं. आता त्याला कोण वाचवणार? पुन्हा तेच चिलखत! ऑर्कांचे दोन नायक ते कुणी घ्यायचं यावरून भांडतात, त्यांच्या टोळ्या एकमेकांवर तुटून पडतात, जवळजवळ सगळे मरतात, आणि फ्रोडोचा सोबती सॅम बुरुजात शिरून त्याला सोडवतो.

युद्ध संपतं. चिलखत परत मिळतं. फ्रोडो आपल्या गावी येतो, तर तिथे सारूमान हा पडेल जादूगार धुमाकूळ घालून बसलेला. हरल्यावर तो निघून जाता जाता फ्रोडोच्या अगदी जवळून जातो आणि कपड्यांत लपवलेला सुरा त्याला खुपसतो. सुऱ्याचं पातं मोडून पडतं. गावकरी चवताळून सारूमानला खाली पाडतात. सॅम तर तलवारच उपसतो. आणि फ्रोडो म्हणतो, नका मारू त्याला, जाऊ दे.