धोकादायक मालाची सागरी वाहतूक आणि फ्रेट फॉरवर्डरचे कायदेशीर दायित्व

प्रस्तावना
पुण्याच्या मार्केट यार्डातील व्यापाऱ्यास अडत्या आणि हुंडेकरी यांतील भेद सांगावा लागत नाही. अडत्या दुसऱ्याचा माल अडत घेऊन विकतो. हुंडेकरी ठरलेल्या रकमेत माल मुक्कामी पोहोचविण्याचे काम अंगावर घेतो. सागरी निर्यातीतील फ्रेट फॉरवर्डर कधी अडत्याप्रमाणे केवळ अभिकर्ता असतो, तर कधी हुंडेकऱ्याप्रमाणे स्वतः करारबद्ध होतो. धोकादायक मालामुळे हानी झाल्यास त्याचे दायित्व मुख्यतः या भूमिकेवरून ठरते.

धोकादायक माल : संकल्पना
१४ एप्रिल १९४४ रोजी मुंबईच्या व्हिक्टोरिया गोदीत 'फोर्ट स्टिकीन' जहाजाचा प्रचंड स्फोट झाला. त्यावर स्फोटके आणि कापसाच्या गाठी एकत्र होत्या. धोकादायक माल म्हटले की असेच चित्र डोळ्यांपुढे येते. परंतु कायद्यातील अर्थ अधिक व्यापक आहे. १ जानेवारी २००४ पासून बंधनकारक झालेल्या आंतरराष्ट्रीय सागरी धोकादायक माल संहितेत तेलबियांची पेंड ही स्वतःहून तापून पेट घेऊ शकणारा माल म्हणून नोंदलेली आहे.

ब्रिटनच्या हाउस ऑफ लॉर्ड्सने १९९८ साली 'गियानिस एन. के.' खटल्यात ही व्याप्ती आणखी स्पष्ट केली. जहाजावरील शेंगदाणा पेंडीत खापरा भुंगेरा आढळल्याने ती पेंड व शेजारच्या कप्प्यांतील गहू समुद्रात टाकावा लागला. गव्हास प्रत्यक्ष कीड लागलेली नसतानाही पेंड 'धोकादायक' ठरली. प्रेषकास किडीची कल्पना नव्हती, हा बचाव ग्राह्य धरला गेला नाही. असे निर्णय भारतात बंधनकारक नसले तरी मार्गदर्शक मानले जातात.

भारतीय कायद्यातील तरतुदी
१९२५ च्या सागरी मालवाहतूक कायद्याच्या जागी संसदेने २०२५ साली नवा कायदा संमत केला. परिशिष्टातील हेग नियमांची चौकट मात्र कायम ठेवली. या नियमांनुसार, स्वरूप माहीत नसताना चढविलेला धोकादायक माल वाहकास भरपाई न देता नष्ट करता येतो आणि त्यापायी झालेल्या हानीची व खर्चाची जबाबदारी प्रेषकावर येते. बहुविध मालवाहतूक कायदा, १९९३ अन्वयेही मालाचे धोकादायक स्वरूप वाहतूकदारास कळविणे हे प्रेषकाचे कर्तव्य आहे.

म्हणून 'प्रेषक कोण' हा प्रश्न निर्णायक ठरतो. भारतीय करार कायदा, १८७२ च्या कलम २३० नुसार अभिकर्ता साधारणतः मालकाच्या वतीने केलेल्या करारास व्यक्तिशः बांधील नसतो. मात्र मालकाचे नाव उघड केले नसल्यास तो बांधील असल्याचे गृहीत धरले जाते.

समजा, मार्केट यार्डातील एका निर्यातदाराने पेंडीचा कंटेनर न्हावा-शेवा बंदरातून पाठविला. फॉरवर्डरने निर्यातदारास स्वतःचे भरणपत्र दिले आणि जहाज कंपनीच्या भरणपत्रावर प्रेषक म्हणून स्वतःचेच नाव घातले. पेंड पेटल्यास जहाज कंपनी प्रथम फॉरवर्डरकडेच भरपाई मागेल. ती रक्कम निर्यातदाराकडून वसूल करण्याचा हक्क त्यास असू शकतो. परंतु निर्यातदार दिवाळखोर निघाल्यास तो हक्क कागदावरच राहील. याउलट, त्याने निर्यातदाराचे नाव देऊन 'केवळ अभिकर्ता' म्हणून सही केली असती, तर भार प्रामुख्याने निर्यातदारावर पडला असता. तरीही त्याची सुटका पूर्ण नसते. कलम २१२ अन्वये अभिकर्त्याने योग्य कौशल्य व दक्षता बाळगणे आवश्यक असून निष्काळजीपणामुळे मालकाचे थेट नुकसान झाल्यास ते त्यास भरून द्यावे लागते.

निष्कर्ष
मोठ्या जहाजावरील एका कंटेनरची आग शेकडो कंटेनरांपर्यंत पोहोचू शकते. मिळालेल्या दलालीशी या दायित्वाचे कोणतेही प्रमाण राहत नाही. त्यामुळे फॉरवर्डरने मालाविषयी लेखी घोषणापत्र घेणे, भरणपत्रावर आपली भूमिका स्पष्ट नोंदविणे, नुकसानभरपाईची हमी मिळविणे आणि दायित्व विमा उतरविणे इष्ट ठरते. पेंड किंवा धान्य हा नित्याचा माल असला तरी तो निर्धोक आहे, असे गृहीत धरण्यास कायद्यात आधार नाही.