बापाच्या जिल्ह्यातली पोटगी

1863 मध्ये जोतीराव आणि सावित्रीबाई फुल्यांनी पुण्यात बालहत्या प्रतिबंधक गृह काढले. 1875 मध्ये पंढरपुरात तसेच एक गृह उभे राहिले. विधवेच्या पोटी आलेले मूल जगवायचे कुणी, याचा भार समाजाने अशा घरांवर टाकला. पुरुषाला कुणी जाब विचारत नव्हते. कायद्याने मात्र तो विचारलेला होता. 1872च्या फौजदारी प्रक्रिया संहितेचे 536वे कलम सांगत होते, की ऐपत असून जो आपल्या मुलाला पोसत नाही, त्याला दंडाधिकारी दरमहा 50 रुपयांपर्यंत पोटगी द्यायला लावू शकतात, मग मूल औरस असो वा अनौरस. धर्माची, जातीची अट नव्हती. लग्नाबाहेरच्या मुलाचा हक्क हे नव्या जमान्याचे खूळ आहे असे म्हणणाऱ्यांनी हे साल ध्यानात ठेवावे.

रकमेचा प्रवास मात्र रडतखडत झाला. 50चे 100 व्हायला 1923 उजाडले, 100चे 500 व्हायला 1955. 1973ची नवी संहिता आली, जुन्या संहितेतल्या पोटगीच्या कलम 488चे 125 झाले, पण 500ची मर्यादा तशीच राहिली. महाराष्ट्राने 1999 मध्ये ती 1500 केली. देशभरात ही मर्यादा उठली ती 2001 मध्ये. त्याच दुरुस्तीने खटला चालू असताना अंतरिम पोटगी मागण्याची सोय झाली आणि तो अर्ज शक्यतो 60 दिवसांत निकाली काढावा असे ठरले. महागाई कुठल्या कुठे गेली तरी केंद्राच्या कायद्यात 46 वर्षे एका लेकराच्या दूध-दप्तर-औषधाची कमाल किंमत बदलली नाही, याचा राग यायलाच हवा.

खरी अडचण पुराव्याची. लग्नात जन्मलेल्या मुलाचा बाप कोण, हे कायदा गृहीत धरतो. अविवाहित आईला ते शाबीत करावे लागते, आणि उलटतपासणीत तिच्या चारित्र्याची चिरफाड होते. रक्तगटाच्या चाचणीने फार तर 'हा बाप नव्हे' एवढेच सांगता येई. 1980च्या दशकाच्या अखेरीस केरळातल्या थलसेरीच्या न्यायालयात अशाच एका मुलाच्या पोटगीचा दावा चालला होता. हैदराबादच्या सीसीएमबी या संशोधन संस्थेत डॉ. लालजी सिंग यांनी डीएनए तपासला आणि पितृत्व सिद्ध झाले. भारतीय न्यायालयांत डीएनए पुरावा म्हणून आला तो या दाव्यातून. पुढे केरळ उच्च न्यायालयानेही तो ग्राह्य धरला. एका अविवाहित आईच्या चिकाटीने देशाच्या पुरावाशास्त्राला दिलेली ही देणगी आपल्या पाठ्यपुस्तकांत असायला हवी होती. मात्र 1993 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बजावले, की रक्ताची तपासणी सरसकट मागता येणार नाही आणि नमुन्यासाठी कुणावर बळजबरी करता येणार नाही. नकार देणाऱ्याविरुद्ध न्यायालय प्रतिकूल निष्कर्ष काढू शकते, पण तोवर तारखांवर तारखा पडत राहतात.

2015 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अविवाहित आईला बापाचे नाव उघड न करता मुलाचे पालकत्व मिळवण्याची मुभा दिली. पोटगी हवी असेल तर मात्र नाव घ्यावेच लागते, आणि तो सापडावाही लागतो.

यवतमाळ जिल्ह्यातल्या झरी-जामणी भागात कोलाम समाजातल्या कुमारी मातांचा प्रश्न वर्षानुवर्षे गाजतो आहे. बाहेरून आलेले ठेकेदार, व्यापारी काम संपले की निघून गेले. पोरी आणि त्यांची मुले पाड्यावर राहिली. अशा आईने अर्ज कुठे करायचा? 1973च्या संहितेचे कलम 126 वाचा. लग्नाच्या बायकोला ती राहते त्या जिल्ह्यात दावा लावता येतो. ही सोय तेव्हा मुद्दाम आणली गेली. अविवाहित आईसाठी मात्र जिल्हा तोच, जिथे तो माणूस आहे किंवा राहतो, नाहीतर जिथे तो तिच्यासोबत शेवटचा राहिला. तो पाड्यावर नुसता येऊन-जाऊन असेल, तर 'सोबत राहिला' हे दाखवण्यापासूनच लढाई सुरू. ते जमले नाही तर त्याच्या जिल्ह्यात, प्रसंगी परराज्यात, तान्हे मूल घेऊन तारखेला जायचे, मजुरी बुडवून.

1973च्या संहितेच्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता 1 जुलै 2024 पासून लागू झाली. पोटगीचे कलम आता 144 आहे आणि हद्दीचे 145. या 145मध्ये एक भर पडली: पोटगी मागणारे आईवडील आता ते स्वतः राहतात तिथे अर्ज करू शकतात. चांगलेच झाले. त्या कलमात आणखी एक ओळ अविवाहित आईच्या राहत्या जिल्ह्यासाठी सहज घालता आली असती. ती घातलेली नाही.